समुद्राचा चातुर्मास



आषाढ जवळ आला की आपले चित्त घरात राहत नाही. पेरणी झाली असो वा राहिली असो, पडशी भरली जाते, टाळ-वीणा पुसून ठेवली जाते, आणि पाऊल आपसूक पंढरीच्या वाटेला लागते. त्याच दिवसांत सह्याद्रीच्या पलीकडे, खाली मालवणच्या किनाऱ्यावर नेमकी उलट हालचाल चाललेली असते. तिथे सगळे थांबते. दांडी, वायरी, तारकर्ली, देवबाग, तळाशील, आचरा या गावांच्या पुळणीवर होड्या पाण्यापासून दूर ओढून घेतात, त्यांच्यावर माडाचे झाप शाकारतात, जाळी घरात येतात, आणि दर्याकडे पाठ करून माणसे भाताच्या लावणीला जातात. आपण चालू लागतो तेव्हा ते थांबतात. या थांबण्याचा इतिहास आज तुमच्यापुढे ठेवायचा आहे. आपल्या वारीशी त्याचे नाते दिसते त्यापेक्षा जवळचे आहे.

आधी पावसाचेच पाहा. दिवे घाटात किंवा वाखरीच्या माळावर जो पाऊस आपल्या अंगावर येतो, तो आकाशातून एकदम तिथे उतरलेला नसतो. नैर्ऋत्येचा वारा अरबी समुद्रावरून पाणी उचलतो, कोकणपट्टीवर ते मनसोक्त रिते करतो, आणि सह्याद्री चढून उरलेसुरले देशावर आणतो. मालवणच्या मागे डोंगराच्या माथ्यावर पडलेला एक थेंब पश्चिमेला घरंगळला तर थोड्याच तासांत कर्ली नदीसारख्या एखाद्या वाटेने समुद्रात परत जातो. तोच वीतभर पूर्वेला पडला तर कृष्णेच्या खोऱ्यात जाऊन बंगालच्या उपसागरापर्यंतचा प्रवास करतो. आपली भीमाही भीमाशंकराजवळ उगम पावते, पंढरीला चंद्रकोरीसारखी वळते, आणि शेवटी त्याच कृष्णेला मिळते. चंद्रभागेत आपण ज्या पाण्याने स्नान करतो, ते पाणी आणणारा वाराच मालवणचा समुद्र बंद करतो. एकाच वाऱ्याने एकीकडे वाट खुली होते आणि दुसरीकडे वाट मिटते.

आषाढ शुद्ध एकादशीला आपण शयनी एकादशी म्हणतो. भगवंत क्षीरसागरी शेषावर निजतात आणि चातुर्मास सुरू होतो, ही आपली श्रद्धा. देव सागरात निजला असताना सागरात खळबळ करू नये, असे कोणी कोकणात शास्त्र म्हणून सांगितले असेल असे मला वाटत नाही. किनाऱ्यावरचा माणूस मृग नक्षत्र ओळखतो, लाटेचा रंग ओळखतो, आणि होडी वर घेतो. पण दोन्ही गोष्टी एकाच काळात येतात हे त्याच्याही मनात असतेच. श्रावणी पौर्णिमेला, म्हणजे नारळी पौर्णिमेला, दर्याला नारळ अर्पण केला की समुद्र पुन्हा उघडतो. मालवणात सिंधुदुर्ग किल्ल्यावरून मानाचे श्रीफळ आधी अर्पण होते, मग गावाचे. शिवकाळापासूनची ही परंपरा आहे असे तिथे मानतात.

किल्ल्याचे नाव निघाले, तर थोडे तिथे थांबू. मालवणसमोरच्या कुरटे बेटावर २५ नोव्हेंबर १६६४ रोजी शिवछत्रपतींनी सिंधुदुर्गाची मुहूर्तमेढ रोवली. महिना लक्षात घ्या. पावसाळा सरून पाणी निवळल्यावरचा तो काळ आहे. सुमारे तीन वर्षे काम चालले आणि १६६७ मध्ये किल्ला उभा राहिला. पायाच्या दगडांत शिसे ओतून चिरे बसवले, हे आपण शाळेत वाचलेले असते. पण त्या बेटावर गेलेल्याला तटापेक्षाही थक्क करतात त्या तीन विहिरी: दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव. चारी बाजूंनी खारे पाणी आणि मध्ये गोडे पाणी! हे पाणी म्हणजे पावसाचेच. ते खडकात मुरते, साठते, आणि समुद्राच्या खाऱ्या पाण्यापासून वेगळे राहते. त्या पाण्यावर किल्ला जगला. जितका पाऊस मुरला तितकेच पाणी. बेटावर राहणाऱ्याला हा हिशेब कधी विसरता येत नाही.

शिवकाळाची आणखी एक साक्ष आहे. झाडे तोडू नयेत असे महाराजांचे पत्र म्हणून जो मजकूर अलीकडे सगळीकडे फिरतो, तो मुळात रामचंद्रपंत अमात्यांच्या ‘आज्ञापत्रा’तला आहे. १७१५ च्या सुमारास लिहिलेल्या या ग्रंथात महाराजांच्या राज्यनीतीचे सार आले आहे, म्हणून ते त्यांचे म्हणण्यात फार चूक नाही. पण ज्याचे श्रेय त्याला द्यावे. मौज अशी की, झाडांविषयीचा हा विचार आरमाराच्या प्रकरणात येतो. गलबते बांधायची तर लाकूड हवे, आणि आंबा-फणसाचे लाकूडही कामाचे. मोहाची जागा बरोबर तिथेच होती. अमात्य सांगतात की त्या झाडांना हात लावू देऊ नये. कारण ती वर्षा-दोन वर्षांत वाढत नाहीत, आणि रयतेने ती पोटच्या लेकरांसारखी जपलेली असतात. ती तोडली तर रयतेच्या दुःखाला पार नाही. अगदी जीर्ण झालेले झाड हवे असेल तर धन्याला राजी करून, त्याचा मोबदला देऊन मगच घ्यावे. पावसाळ्यात आरमार छावणीला कसे ठेवावे याच्याही सूचना त्यात आहेत, म्हणजे समुद्राचे थांबणे राज्यकर्त्यालाही मान्य करूनच चालावे लागे.

वाचकहो, यात मला महत्त्वाचे वाटते ते हे की झाड आणि झाड लावणारा यांना अमात्यांनी वेगळे केले नाही. झाडाला इजा म्हणजे रयतेला इजा. आज निसर्ग वाचवणारे एका बाजूला आणि पोट भरणारे दुसऱ्या बाजूला अशी जी फाळणी आपण करून ठेवली आहे, ती त्या लेखणीला ठाऊक नव्हती.

आता रापणीकडे येऊ, कारण मालवणच्या किनाऱ्याचा खरा संसार रापणीभोवती उभा आहे. ज्यांनी ती पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो. रापण म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचे मोठे जाळे, आणि त्या मासेमारीलाही रापणच म्हणतात. जाळ्याचा एक दोर पुळणीवर ठेवून होडी पाण्यात जाते, अर्धगोल फिरत जाळे सोडते आणि दुसरा दोर घेऊन थोड्या अंतरावर किनाऱ्याला लागते. मग दोन्ही दोरांना माणसे लागतात. वीस, चाळीस, कधी त्याहून जास्त. तालात पाऊल मागे टाकत दोर खेचायचा. जाळे हळूहळू जवळ येते, आणि नशीब असेल तर बांगडा, तारली, पेडवे फडफडत वाळूवर येतात. त्याचे वाटे पडतात. जाळ्याचा वाटा, होडीचा वाटा, दोर ओढणाऱ्यांचे वाटे. नुसता हात लावायला आलेला माणूसही सहसा रिकाम्या हाताने परतत नाही. दिंडीत विणेकऱ्याला आणि चोपदाराला मान असतो, पण पंगतीत पान सगळ्यांना सारखेच पडते. त्याची आठवण इथे झाल्याशिवाय राहत नाही.

रापणीचा एक मोठा गुण असा, की ती माशाच्या मागे जात नाही. मासा किनाऱ्याजवळ येईल तेव्हाच ती त्याला घेते. होडी वल्ह्यांनी जाईल तेवढीच तिची धाव. शिवाय पूर्वी जाळी सुताची आणि तागाची असत. ती कुजत. झाडाच्या सालीच्या रसात बुडवून, वाळवून, पुन्हा विणून ती जपावी लागत. पावसाळ्याचे दोन-अडीच महिने या दुरुस्तीत जात. जाळ्यालाच विश्रांती लागे, मग ती समुद्राला आपसूक मिळे.

आणि नेमक्या याच महिन्यांत पाण्याखाली काय चालते? नद्या डोंगरातला गाळ आणि सत्त्व समुद्रात आणतात. मोसमी वाऱ्यांमुळे पश्चिम किनाऱ्यालगत खोलातले थंड, पोषक पाणी वर येते. त्यावर सूक्ष्म वनस्पती आणि सूक्ष्म जीव वाढतात. तारली, बांगडा यांसारख्या माशांचा विणीचा काळ बराचसा याच हंगामात येतो, आणि पिल्लांना ताट वाढून ठेवलेले मिळते. होडी वर ओढणाऱ्या आजोबांना हे शब्द माहीत नव्हते. पावसानंतर मासळी भरपूर येते, एवढे त्यांना पुरते ठाऊक होते.

इथवर वाचून कोणी म्हणेल, ‘पूर्वीची माणसे किती पुण्यवान! निसर्गाशी किती एकरूप!’ इथे जरा सांभाळून बोलले पाहिजे. रापणीच्या बारीक आसाच्या जाळ्यातही कोवळी मासळी येते. समुद्रकासवाची अंडी पुळणीवरून उकरून नेणारी माणसे याच गावांतली होती. कूर्मावताराला हात जोडणारी आणि अंडी खाणारी माणसे अनेकदा एकच असत. आणि पावसाळ्यात होडी वर घेण्यात भक्ती किती आणि नाइलाज किती? शिडाची होडी आषाढातल्या लाटेपुढे टिकतच नाही. जाणे शक्य नव्हते म्हणून ते गेले नाहीत. असे थांबणे व्रत म्हणायचे का?

हा प्रश्न आपण वारकऱ्यांनी टाळू नये, कारण तो आपल्या एकादशीलाही लागू पडतो. घरात दाणा नाही म्हणून उपाशी राहिलेल्याचा उपास देवाला पोचत नाही असे मी म्हणणार नाही. देव दयाळू आहे. पण कोठी भरलेली असताना, ताट समोर असताना जो हात आवरतो, त्याच्या उपासाची कसोटी वेगळी असते. मालवणच्या किनाऱ्याची ही दुसरी कसोटी सुरू झाली ती होडीला इंजिन लागले तेव्हा.

स्वातंत्र्यानंतर पंचवार्षिक योजनांतून मासेमारीचे यांत्रिकीकरण सुरू झाले. नायलॉनची जाळी आली. ती कुजत नाहीत, त्यांना विश्रांती नको. कोळंबीला परदेशात, विशेषतः जपान आणि अमेरिकेत, मोठा भाव मिळू लागला आणि ट्रॉलर वाढले. ट्रॉलरचे जाळे समुद्राच्या तळावरून ओढले जाते. कोळंबीबरोबर तळावरचे जे जे असेल ते सगळे त्यात येते. त्यातले कामाचे ठेवायचे, उरलेले फेकायचे किंवा कुटून खाद्याच्या कारखान्याला द्यायचे. रापण किनाऱ्यावर वाट पाहत राहिली आणि मासा तिच्यापर्यंत येण्याआधीच उचलला जाऊ लागला. भांडणे झाली. ती अर्जविनंत्यांपासून भर समुद्रात बोटी अडवण्यापर्यंत गेली. शेवटी १९८१ साली महाराष्ट्राने सागरी मासेमारी नियमनाचा कायदा केला आणि किनाऱ्यालगतचे पाणी लहान मच्छीमारांसाठी राखण्याची तरतूद आली. त्याच वर्षी १ मे रोजी रत्नागिरीतून सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा झाला.

कायदा झाला, पण समुद्रावर कुंपण घालता येत नाही. पुढे पर्ससीन आले. हे जाळे माशांच्या अख्ख्या थव्याभोवती वेढा घालते आणि बटव्याची नाडी आवळावी तशी त्याची खालची दोरी आवळतात. थवा सापडला की तो सगळाच सापडला. महाराष्ट्र शासनाने ५ फेब्रुवारी २०१६ च्या आदेशाने पर्ससीनला सप्टेंबर ते डिसेंबर एवढाच काळ मोकळा ठेवला. त्यानंतरची युक्ती दिव्यांची. काळोख्या रात्री बोटीवर जनित्र लावून प्रखर एलईडी दिवे पाण्यावर सोडायचे. उजेडाला भुलून मासा गोळा होतो, मग वेढा घालायचा. केंद्र शासनाने नोव्हेंबर २०१७ मध्ये याला बंदी केली आणि २०२१ मध्ये राज्याने आपला कायदा दुरुस्त करून दंड लाखांच्या घरात नेला. तरीही मालवणच्या पुळणीवरून रात्री क्षितिजावर उजेड दिसल्याच्या तक्रारी थांबलेल्या नाहीत. एकादशीच्या जागराला आपणही रात्रभर दिवा ठेवतो. दिव्याकडे जीव येतो हे आपल्यालाही ठाऊक आहे. त्या ज्ञानाचा असा उपयोग होईल असे कोणाला वाटले असेल?

पावसाळ्याच्या बंदीचेही असेच झाले. पूर्वी महाराष्ट्रात ही बंदी १० जूनला सुरू होई आणि नारळी पौर्णिमा किंवा १५ ऑगस्ट, यांपैकी जे आधी येईल त्या दिवशी संपे. सरकारी कागदात तिथीला जागा होती, हे वाचून मला बरे वाटले होते. काही वर्षांपासून केंद्राने सगळ्या पश्चिम किनाऱ्यासाठी १ जून ते ३१ जुलै असे ६१ दिवस ठरवून दिले. गणित सोपे झाले, पण चंद्र कागदावरून गेला. २०२३ साली अधिक श्रावण आला आणि नारळी पौर्णिमा ३० ऑगस्टला पडली. कायद्याने समुद्र उघडला ३१ जुलैच्या रात्री, परंपरेने उघडायचा होता त्यानंतर महिनाभराने. मधल्या महिन्यात काय करायचे? परंपरा पाळणारा लहान होडीवाला नारळाची वाट पाहत किनाऱ्यावर बसतो, आणि इंजिनाच्या जोरावर मोठी बोट खवळलेल्या पाण्यातही निघते. ही बंदी यांत्रिक बोटींसाठी असते. बिगरयांत्रिक होडीला कायद्याने मोकळीक आहे. म्हणजे जिला कायदा थांबवत नाही ती थांबते, आणि जिला थांबवण्यासाठी कायदा केला ती दिवस मोजून बाहेर पडते.

आता एक अवघड गोष्ट. हे वाचणाऱ्यांपैकी बहुतेकांच्या गळ्यात तुळशीची माळ आहे. तुमच्या मनात केव्हाच आले असेल की मासे रापणीने मारा नाहीतर ट्रॉलरने, हिंसा ती हिंसाच. माळकऱ्याने यात कशाला पडावे?

माळ आपल्याला काही गोष्टींपासून दूर ठेवते, ते योग्यच आहे. पण माणसांपासून दूर ठेवते का? आपल्या परंपरेत सजन कसायाची कथा कीर्तनात आदराने सांगतात. महाभारताच्या वनपर्वात कौशिक नावाच्या तपस्वी ब्राह्मणाला धर्म शिकायला मिथिलेच्या बाजारात मांस विकणाऱ्या व्याधाकडे जावे लागते, आणि तो व्याध त्याला दाखवून देतो की नांगर धरणाऱ्याच्या हातूनही अगणित जीव मरतात. आणि आपल्या पांडुरंगाच्या कानांकडे पाहा. मकरकुंडले! त्यांची एक लोककथा वारीत ऐकायला मिळते. एक कोळी देवाला भेटायला आला. त्याच्याजवळ द्यायला मासोळ्यांखेरीज काही नव्हते. लोकांनी त्याला अडवले. देवाने त्या मासोळ्या घेतल्या आणि कानात घातल्या. इतिहास म्हणून ही कथा कोणी सिद्ध करू शकणार नाही, तशी गरजही नाही. ती कोणी रचली आणि कोणी जपली, हे पाहिले म्हणजे पुरे. आपल्याच लोकांनी जपली.

दुसरी गोष्ट हिशेबाची आहे. मासा आपल्या ताटात नसला म्हणून आपण त्या साखळीच्या बाहेर आहोत असे होत नाही. ट्रॉलरमधली न विकणारी बारीक मासळी कुटून कोंबड्यांच्या आणि कोळंबी-शेतीच्या खाद्यात जाते. कोकणात माडाला मासळीचे खत घालण्याची रीत जुनी आहे. त्या माडाचा नारळ आपण देवापुढे फोडतो, त्याच्या काथ्याचा दोर आपल्या पडशीला असतो. सावतोबांनी अरणच्या मळ्यातच पांडुरंग पाहिला, आणि आजही पंढरीचा देव पालखीतून अरणला जातो. ज्याच्या हाताला मळा आहे त्याने मळ्यात देव पाहावा, ज्याच्या हाताला दोर आहे त्याने दोरात पाहावा. पण मग त्या मळ्याशी आणि त्या पाण्याशी तो कसा वागतो हा भक्तीचाच प्रश्न होतो. मारावे की मारू नये हा एक प्रश्न. किती घ्यावे, कधी थांबावे, उद्यासाठी काय सोडावे, हा दुसरा. पहिल्याचे उत्तर माळेने दिले म्हणून दुसरा सुटत नाही.

सरकारनेही निसर्गासाठी एक रेघ ओढून पाहिली. १९८७ साली सिंधुदुर्ग किल्ला आणि पद्मगड यांच्या आसपासचे सुमारे २९ चौरस किलोमीटर पाणी सागरी अभयारण्य म्हणून जाहीर झाले. गाभ्याचा भाग ३ चौरस किलोमीटरच्या थोडा वर. इथे पाण्याखाली प्रवाळ आहे, खडकांत नाना रंगांचे जीव आहेत. हे जपले पाहिजे यात शंका नाही. पण मच्छीमारांनी कडाडून विरोध केला, आणि त्यांना निसर्गाचे वैरी ठरवणे फार सोपे झाले. त्यांचे भय मात्र समजण्यासारखे होते. ज्या पाण्यावर पिढ्यान्‌पिढ्या पोट चालले, तिथे उद्या पाऊल टाकायला परवाना लागेल. आणि ज्यांनी समुद्र खरवडला ते मात्र रेघेबाहेर मोकळे राहतील. धन्याला राजी करून घ्यावे, असे अमात्यांनी जीर्ण झाडाबाबतही सांगून ठेवले होते. इथे धन्याला विचारायचेच राहिले, असे माझे मत आहे. तुमचे वेगळे असू शकते.

त्याच किनाऱ्यावर दुसरीही एक वाट निघाली, तिची चर्चा कमी झाली. ऑलिव्ह रिडले जातीची समुद्रकासवे हिवाळ्यात रात्री पुळणीवर येऊन अंडी घालतात. ज्या गावांत ती अंडी खाल्ली जात, त्यांतल्याच काही गावांत आज लोक घरट्यांना कुंपण घालून पहारा करतात. वेंगुर्ल्याजवळच्या वायंगणीत पिल्ले समुद्रात सोडायला माणसे जत्रेसारखी जमतात. एवढेसे ते पिल्लू, वाळूवर रांगते, लाटेने मागे फेकले जाते, पुन्हा रांगते. आणि २०१८ च्या अखेरीस राज्याने एक योजना काढली: जाळ्यात कासव, देवमासा किंवा व्हेल शार्क असा संरक्षित जीव अडकला आणि मच्छीमाराने जाळे कापून त्याला सोडले, तर जाळ्याची २५ हजार रुपयांपर्यंत भरपाई मिळते. जाळे कापणे म्हणजे काय हे घाटावरच्या माणसाला चटकन कळणार नाही. उभ्या पिकावरून आपल्याच हाताने नांगर फिरवण्यासारखे ते आहे. भरपाई पुढे कधीतरी मिळायची असते. सुरी त्या क्षणी, हलत्या होडीत, अंधारात चालवायची असते. तशी ती चालवणारे मच्छीमार या किनाऱ्यावर आहेत. मघाशी कसोटीचा प्रश्न विचारला होता. पूर्वजांना समुद्राने थांबवले. यांना कोणी थांबवलेले नसते, तरी हात थांबतो.

आणि आपण? मालवणच्या लोकांना उपदेश करण्याआधी आपल्या वाळवंटाकडे पाहिलेले बरे. चंद्रभागेला चातुर्मास नाही. १९८० साली उजनीचे धरण झाले, तेव्हापासून भीमेचे वाहणे धरणाच्या दारांवर ठरते. आषाढीच्या स्नानासाठीही पाणी वरून सोडावे लागते. पात्रातली वाळू उपसली जाते, तिथे खड्डे पडतात, आणि त्या खड्ड्यांत भाविक बुडाल्याच्या बातम्या आपण वाचतो. आपण लाखो जण एका दिवशी त्या वाळवंटात उतरतो आणि मागे काय ठेवून येतो हे वर्षानुवर्षे कोणी मोठ्याने बोलत नव्हते. उच्च न्यायालयाला त्यात लक्ष घालावे लागले. मग २०१५ च्या सुमारास ‘निर्मल वारी’ने मुक्कामाच्या गावी शौचालये उभी करायला सुरुवात केली, २०१६ मध्ये ‘नमामि चंद्रभागा’ जाहीर झाले. मुक्काम हलल्यावर माळरान आता पूर्वीइतके घाण दिसत नाही, हे कबूल केले पाहिजे. पण पाण्यात वाहून गेलेल्या कपड्यांचे आणि प्लॅस्टिकच्या द्रोणांचे काय? नदीच्या ज्या पात्राला आपण तीर्थ म्हणतो, त्याला वर्षातले किती दिवस आपण नुसते वाहू देतो?

कोकणातले वारकरी आषाढीपेक्षा कार्तिकीला जास्त येतात, कारण आषाढात लावणी असते. भात घरात आले की मग ते फोंडा किंवा गगनबावड्याचा घाट चढतात. त्यांच्यात किनाऱ्यावरची माणसेही असतात. समुद्र उघडलेला असतो, मासळीचा हंगाम ऐन भरात असतो, आणि तरीही चार दिवस दोर दुसऱ्याच्या हाती देऊन ती येतात. पुढल्या कार्तिकीला एखादा मालवणी फड भेटला तर त्यांच्याजवळ जरूर बसा. पखवाजाचा हात तर ऐकावाच असा. आणि बोलता बोलता विचारा, औंदा दर्या कधी उघडला, कायद्याने की नारळाने.

श्रावणात त्यांच्या गावागावांत सप्ताह बसतो. अहोरात्र भजन, वाडीवाडीच्या पाळ्या, वीणा खाली ठेवायची नाही. बाहेर पाऊस कोसळत असतो. पुळणीवर झापांखाली होड्या उपड्या पडलेल्या असतात आणि त्यांच्या पोटाखाली कुत्री कोरडी जागा शोधून झोपलेली असतात. पहाटेची पाळी संपवून उठलेला तांडेल देवळाच्या पायरीवर उभा राहून दर्याकडे एकदा पाहतो. पाणी अजून गढूळ आहे. तो घरी जाऊन निजतो.